दंडावरचा पट्टा

पट्टा दंडावर बांधून झाला होता. सिस्टरनं रबरी फुगा दोनदा दाबलाही होता. दंड आवळायला लागला, बोटांना मुंग्या यायला लागल्या, आणि तेवढ्यात टेबलाच्या पलीकडून आवाज आला.

"थांबा सिस्टर. हे कोणत्या खात्याचे?"

विचारणारा बाबू रजिस्टर उघडून बसला होता. मी सांगितलं, "महामंडळ. पाणीपुरवठा. व्हॉल्वमन."

"शिबिर शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आहे. बाहेर बॅनर लावलाय. वाचता येतं ना?"

वाचता येतं. बारावी झालो आहे. आणि तो बॅनर सकाळी शिडीवर चढून मीच बांधला होता. अकोल्यात आमचं ऑफिस शिबिराच्याच आवारात. 'शिबिरवाल्यांकडे माणूस नाही, तू जा,' असं आमच्या साहेबांनी सांगितलं म्हणून गेलो होतो. 'मोफत आरोग्य तपासणी' एवढं वाचलं होतं. खालच्या ओळीकडे दोरी बांधण्याच्या नादात लक्ष गेलं नाही, की गेलं आणि ती आपल्यासाठी नाही असं वाटलं, आज सांगता येत नाही.

"पट्टा काढा," बाबू म्हणाला.

हे तो सिस्टरला म्हणाला होता. ती बिचारी घुटमळली. हॉलमध्ये पन्नास-साठ माणसं बसलेली. पण मी तिची वाट पाहिली नाही. मीच डाव्या दंडावरचा पट्टा उजव्या हातानं ओढला. चर्रकन आवाज झाला. पुढच्या दोन रांगा वळून पाहायला लागल्या. मी पट्ट्याची नीट घडी घातली, सिस्टरसमोर ठेवली आणि म्हणालो, "सॉरी साहेब."

सॉरी. कशाचं? माझ्या अंगातल्या रक्ताचा दाब मोजायला बसलो होतो त्याचं?

अपमान त्यानं केला हे खरं. पण घडी मी घातली. आजही आठवलं की त्या बाबूपेक्षा माझाच राग जास्त येतो.

माझ्या मागे रशीदचाचा उभे होते. आमच्या झोनचे सगळ्यात जुने व्हॉल्वमन, माझे उस्ताद. त्यांनी बाही खांद्यापर्यंत दुमडून ठेवली होती, दोन दिवसांपासून डोकं जड आहे म्हणत होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग बाही खाली घेतली, मनगटाचं बटण लावलं.

"चल बेटा. झोन का टाइम हुआ."

झोनचा टाइम, म्हणजे आमच्या भागाला पाणी सोडायची वेळ, व्हायला दोन तास होते.

मी ज्या महामंडळात आहे त्याचं नाव सांगत नाही. नाव सांगितलं की नोटीस येते. सरकारनं कायदा करून ते उभारलं, सरकारच त्याचा अध्यक्ष नेमतं, सरकारच दर ठरवतं. फाटकावर सरकारचीच पाटी आहे. त्या फाटकातून आत येणारा माणूस मात्र सरकारी नाही, असं सरकारच म्हणतं.

माझ्या बापानं याच पाइपलाइनचे चर खणले, रोजंदारीवर. मला इथे नोकरी लागली तेव्हा त्यानं गल्लीत पेढे वाटले. लग्नाची बोलणी सुरू झाली तेव्हा मध्यस्थ मामांनी दर्यापूरकडच्या पाहुण्यांना सांगितलं, "पोरगा पाण्याच्या हापिसात हाये. सरकारी." आमच्या वऱ्हाडात या एका शब्दावर पोरगी मिळते. मी समोर बसलो होतो. बशीतल्या पोह्यांकडे बघत राहिलो. चूक दुरुस्त केली नाही. मला वाटलं, खोटं कुठे आहे? सरकारचंच पाणी सोडतो ना.

आमचं काम लोकांना दिसत नाही. रस्त्यात लोखंडी झाकण असतं. त्याखाली चेंबर, त्यात व्हॉल्व. कमरेएवढी उंच लोखंडी चावी आत घालायची आणि फिरवायची. इकडचा व्हॉल्व बंद, तिकडचा चालू. मोर्णा नदीपलीकडच्या जुन्या शहरात अशा गल्ल्या आहेत की कोणता पाइप कोणत्या घराखालून गेला हे कुठल्याच नकाशात नाही. ते रशीदचाचांच्या डोक्यात होतं. त्यांनी मला पहिल्या दिवशी शिकवलं ते फिरवणं नाही, ऐकणं. चावी व्हॉल्ववर बसवायची, वरच्या दांड्याला कान लावायचा. पाणी धावत असलं की लोखंडातून घूं असा आवाज येतो. बंद करत गेलो की आवाज बारीक होत जातो.

"आँख पे भरोसा मत कर," चाचा म्हणायचे. "पहले कान लगा, बाद में घुमा."

भर बाजारात दोन माणसं लोखंडाला कान लावून वाकलेली बघून लोक हसायचे. आम्हीही हसायचो. उन्हाळ्यात पाणी आठ-आठ दिवस आलं नाही की हसणं थांबायचं. बाया रिकामे हंडे घेऊन आम्हाला घेरायच्या. "सरकारचे जावई झाले तुमी, तुमाले काय फरक पडते?" त्यांचं चुकत नव्हतं. शिव्या खायला आम्ही पक्के सरकारी होतो. संप करायचं ठरवलं की नोटीस लागायची : अत्यावश्यक सेवा आहे, कारवाई होईल. निवडणूक आली की ड्यूटीचा आदेश यायचा : आपण शासकीय कर्मचारी आहात, गैरहजर राहिल्यास गुन्हा दाखल होईल. दवाखान्याच्या बिलाची फाइल पाठवली की ती परत यायची, वर लाल शाईत शेरा : अर्जदार शासकीय कर्मचारी नाही.

ही विसंगती मला आधी दिसत नव्हती असं नाही. दिसत होती. जोड्यातला खडा कळतो, पण गाडी पकडायची असते म्हणून माणूस चालत राहतो. मीही चालत राहिलो.

त्या शिबिरानंतर तीन महिन्यांनी, मे महिन्यात, भर दुपारी रशीदचाचा चेंबरवर वाकले ते उठलेच नाहीत. मी समोरच्या व्हॉल्ववर होतो. मला वाटलं, कान लावून ऐकत आहेत. बराच वेळ ऐकत आहेत. जवळ गेलो तर तोंड एका बाजूला ओढलं गेलं होतं आणि उजवा हात चावीवरून घसरून लोंबत होता.

सरकारी दवाखान्यात डॉक्टरनं विचारलं, "बीपी किती दिवसांपासून आहे? शेवटचं कधी मोजलं होतं?"

मी म्हणालो, "मोजता मोजता राहिलं."

डॉक्टरला काही समजलं नाही. त्यानं 'माहीत नाही' असं लिहिलं.

लोक मला म्हणतात, गल्लीतल्या डॉक्टरकडेही मोजता आलं असतं. आलं असतं. मीही स्वतःला हेच सांगून बघितलं. पण चाचांनी बाही दुमडली होती. मी त्या खुर्चीवर बसून राहिलो असतो, दोन शब्द बोललो असतो, निदान सिस्टरला फुगा आणखी चार वेळा दाबू दिला असता, तर चाचाही बसले असते. माणूस आपल्या पुढच्याला बघून ठरवतो. त्यांनी मला घडी घालताना बघितलं.

चाचांची उजवी बाजू गेली. जीभ जड झाली. महामंडळानं त्यांना कामास अयोग्य ठरवून घरी बसवलं. हलकं काम द्या म्हणून अर्ज केला, तर ही सवलत शासकीय कर्मचाऱ्यांना आहे असं उत्तर आलं.

आणि मग एका सकाळी हे महामंडळ स्वतः चालत चाचांच्या दारात आलं.

झालं असं की जुन्या शहरात मुख्य पाइप फुटला. वरचा व्हॉल्व बंद केल्याशिवाय दुरुस्ती होत नव्हती, आणि त्या गल्लीत नवा सिमेंटचा रस्ता झालेला. झाकणासकट चेंबर रस्त्याखाली गेलेलं. नकाशात नाही, मलाही माहीत नाही. आमचे उपअभियंता साहेब मला गाडीत घालून चाचांच्या घरी घेऊन गेले. वाटेत एक डझन केळी घेतली.

साहेब खाटेजवळच्या स्टुलावर बसले. "चाचा, कसं काय?" म्हणाले आणि उत्तराची वाट न बघता विचारलं, "तो व्हॉल्व कुठे आहे सांगा बरं."

चाचांचे डोळे चमकले. किती दिवसांनी कोणी कामाचं विचारलं होतं. तोंडातून शब्द धड येत नव्हता. मी कान त्यांच्या तोंडाजवळ नेला. मशिदीचा कोपरा. तिथून नाल्याकडे तोंड करून अकरा पावलं. मी मोठ्यानं सांगत गेलो, साहेब मोबाइलमध्ये लिहीत गेले. सांगून झालं तशी चाचांनी धड राहिलेला डावा हात उचलला आणि हलवला. परत उचलला. तिसऱ्यांदा उचलला.

साहेब उठले. त्यांना वाटलं, म्हातारा सलाम करतो आहे. त्यांनीही हात जोडले. "आराम करा चाचा."

दारात चाची उभ्या होत्या. त्या साहेबांना काही बोलल्या नाहीत. मला म्हणाल्या, "डोके में का नक्शा होना इनको. डोका नहीं होना." नकाशा पाहिजे, डोकं नको.

अकराव्या पावलावर सिमेंट फोडलं. चेंबर तिथेच निघालं, बोटभरही इकडेतिकडे नाही. पाणी दुकानांत शिरत होतं, लोक आरडत होते, साहेब घड्याळ बघत होते. "फिरव लवकर." मी चावी घातली आणि जोर लावला. उजवीकडे, जसा प्रत्येक व्हॉल्व बंद होतो तसा. कान लावला नाही. बारा वर्षांत पहिल्यांदा कान लावला नाही, कारण साहेब बघत होते आणि मला त्यांच्यासमोर रस्त्यात वाकायची लाज वाटली.

तो जुना व्हॉल्व होता, उलट्या आट्यांचा. डावीकडे फिरवला की बंद होणारा. चाचा तेच सांगत होते, तीनदा हात उचलून. बायां. बायां. बायां. कान लावला असता तर पहिल्या फेऱ्यातच कळलं असतं की आवाज बारीक होतच नाही. मी रेटत गेलो. आधीच पूर्ण उघडलेला व्हॉल्व मी आणखी उघडायला बघत होतो. आतला दांडा मोडला. शहराला चार दिवस पाणी नाही.

पाचव्या दिवशी मला नोटीस मिळाली. 'आपण निष्काळजीपणाने शासकीय मालमत्तेचे नुकसान केले आहे.'

ती नोटीस मी ऑफिसच्या व्हरांड्यात उभा राहून वाचली. एकदा वाचली, दोनदा वाचली. चूक माझी होती, ती मी लेखी कबूल केली. पण नोटिशीतला एक शब्द डोक्यातून जाईना. व्हॉल्व शासकीय. चावी शासकीय. पाणी शासकीय, पाइप शासकीय, ज्या खड्ड्यात मी उतरतो तो खड्डासुद्धा शासकीय. त्या सगळ्याच्या टोकाला जो हात आहे तेवढाच नाही. मला हसू आलं. तिथेच, नोटीस बोर्डाखाली.

हमीपत्र आलं ते त्याच वर्षीच्या पावसाळ्यात. महामंडळ सगळ्यांना दवाखान्याच्या विम्याचं कार्ड देणार होतं. अट एकच, एका कागदावर सही. कागदावर लिहिलं होतं : 'मी शासकीय कर्मचारी नाही याची मला जाणीव आहे. शासकीय कर्मचाऱ्यांना मिळणाऱ्या कोणत्याही लाभाची मागणी मी किंवा माझे वारस यापुढे करणार नाहीत.'

बायको म्हणाली, "करून टाका सही."

आमच्या पोराला दमा आहे. थंडीत त्याची छाती वाजायला लागली की ती रात्र तिनं बसून काढलेली असते, मी नाही. मला पहाटे झोनवर जायचं असतं. त्यामुळे ती बोलली ते फुकट बोलली नाही.

"वारस लिवलं हाये त्यात," मी म्हणालो. "वारस म्हंजे आपला पोरगा. त्याच्या नावची सही मी काहून करू?"

"तो दम लागून खोकून राहिला अन् तुमी शब्द मोजून राहिले?" तिनं कणीक मळणं थांबवलं. "अजी, मले सरकारी नवरा सांगतला होता. म्या कधी विचारलं का तुमाले, कुठी गेला तो सरकारी?"

पोह्यांची बशी आठवली. लग्नाच्या बोलणीत मी गप्प बसलो ते खोटं होतं, हे तिला कधीचं माहीत होतं आणि तिनं बारा वर्षं ते झाकून ठेवलं होतं.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी बोलावलं. टेबलावर दोन कागद होते. एक हमीपत्र. दुसरा निवडणूक ड्यूटीचा आदेश, कारण मतदान तोंडावर आलं होतं. 'आपण शासकीय कर्मचारी असल्याने' अशीच त्याची सुरुवात. साहेबांनी पेन पुढे केला. "दोन्हीवर करून टाक. लवकर."

साहेब तसे वाईट नाहीत. पण ते सरकारी खात्यातून आमच्याकडे काही वर्षांसाठी आलेले. त्यांच्या आईच्या ऑपरेशनचं बिल याच खोलीतून मंजूर होऊन गेलं होतं. पाकीट पोस्टात मीच टाकलं होतं.

मी दोन्ही कागद शेजारी शेजारी लावले.

"साहेब, ह्या कागदावर मी सरकारी हाये. ह्या कागदावर नाही. दोन्ही कागद तुमीच देऊन राहिले."

"निवडणुकीचं वेगळं असतं रे. तेवढ्यापुरतं."

"मंग मले लकवा मारला त कोनत्या दिवशी मारला पाह्यजे, साहेब?"

शेजारच्या टेबलावरचा लिपिक टाइप करायचा थांबला. साहेबांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "सही करायची नसेल तर कार्ड मिळणार नाही. मला काही म्हणायचं नाही."

ड्यूटीच्या आदेशावर मी सही केली. मतदान हे लोकांचं काम आहे, त्याच्याशी माझं वैर नाही. हमीपत्रावर केली नाही. ते घडी न घालता तसंच्या तसं साहेबांसमोर सरकवलं. सॉरी म्हणालो नाही.

बहुतेकांनी सह्या केल्या. मी त्यांना नावं ठेवत नाही. प्रत्येकाच्या घरात कोणी ना कोणी खोकत असतं. त्या थंडीत माझं पोरगं दोनदा दवाखान्यात राहिलं, दोन्ही वेळा कार्ड नव्हतं, आणि दोन्ही वेळा बायकोनं माझ्याकडे जसं पाहिलं ते मी विसरणार नाही. विसरायचंही नाही. मी घेतलेल्या निर्णयाची झळ त्याच्या छातीला बसली, हे कबूल केल्याशिवाय पुढचं बोलायचा मला हक्क नाही.

आमच्या कामगार संघटनेनं नागपूरच्या कोर्टात अर्ज करायचं ठरवलं. महामंडळाच्या कामगारांना सरकारी कर्मचारी समजायचं की नाही, एकदाच काय ते सांगा. बैठकीत सगळ्यांनी माना डोलावल्या. वकिलानं विचारलं, पहिलं नाव कोणाचं टाकू? सगळे आपापल्या मोबाइलमध्ये बघायला लागले. पहिल्या नावावर पहिली बदली येते, हे लहान पोरालाही कळतं.

मी माझं नाव सांगितलं. महिन्याभरात अमरावतीला बदली झाली. कारण लिहिलं होतं, प्रशासकीय.

आता मी अमरावतीला एका खोलीत राहतो, शनिवारी अकोल्याला जातो. इथल्या व्हॉल्वांची मला ओळख नाही. प्रत्येकाला कान लावतो. कोणी हसलं तरी लावतो, कोणी साहेब उभा असला तर मुद्दाम जास्त वेळ लावतो. रविवारी चाचांकडे चक्कर असते. ते अजून विचारतात, "पानी छूटा क्या?" मी म्हणतो, छूटा. कोर्टात तारीख पडते, परत तारीख पडते. सरकारी वकील म्हणतो, महामंडळ स्वतंत्र आहे. महामंडळाचा वकील म्हणतो, सरकारला विचारल्याशिवाय आम्हाला सांगता येणार नाही.

मागच्या महिन्यात इथल्या आवारात आरोग्य शिबिर लागलं. बॅनर तसाच, खालची ओळही तशीच. आदल्या दिवशी मी बायकोला फोनवर सांगितलं, उद्या जाऊन बसणार आहे. मागे पोराचं खोकणं ऐकू येत होतं.

"बसले त मंग उठू नोका," ती म्हणाली, आणि फोन ठेवला.

मी रांगेत उभा राहिलो. माझ्या मागे आमच्याच महामंडळाचे सहा जण येऊन उभे राहिले. मी त्यांना बोलावलं नव्हतं. नंबर आला. खुर्चीवर बसलो, बाही दुमडली, डावा हात टेबलावर ठेवला. सिस्टरनं पट्टा गुंडाळला. रजिस्टरवाल्या बाबूनं विचारलं, "खातं?"

"महामंडळ."

"हे शिबिर शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आहे."

"माहीत हाये. वाचून आलो."

"मग पट्टा काढा."

"म्या नाही काढत. तुमाले काढाचा असन त तुमी काढा."

बाबू खुर्चीतून अर्धा उठला. त्याचा हात टेबलाच्या मध्यापर्यंत आला आणि थांबला. दुसऱ्याच्या अंगावरून असं काही स्वतःच्या हातानं ओढून काढायची त्याला सवय नव्हती. आजपर्यंत ते काम आम्हीच करून देत होतो.

"मोजा," मी म्हणालो. "नाहीतर लिहून द्या, या माणसाचं बीपी मोजणार नाही म्हणून. कारण लिहा. खाली सही करा, शिक्का मारा."

तो इकडेतिकडे बघायला लागला. कोणाला तरी फोन लावला. मोठे साहेब येतील, तोवर बाजूला बसा, म्हणाला. मी बाजूला बसलो नाही. त्यानं लिहून दिलं नाही, सिस्टरनं फुगा दाबला नाही. मागच्या सहा जणांपैकी कोणी बाही खाली घेतली नाही. भिंतीवरचं घड्याळ पुढे सरकत होतं आणि माझा हात टेबलावर होता.

इतकी वर्षं आम्ही लिहून दिलं. हमी दिली, कबुली दिली, खुलासे दिले. आता त्यांनी लिहून द्यावं. जोवर देत नाहीत तोवर जिथे जिथे अशी खुर्ची लागेल तिथे मी जाऊन बसणार आहे. पट्टा माझ्या हातानं निघणार नाही.